सीमा व्हिडिओ

आमच्या दुकानाचं नाव सीमा व्हिडिओ.
सीमा म्हणजे माझी आई.
हे पप्पांनी फौजदारालाही सांगितलं होतं,
तो पाटीचं विचारायला आला तेव्हा.
पाटी मग दोन भाषांत झाली.
आई एकच राहिली.

वर्षातून एकदा, ठरलेल्या तारखेला,
टीव्हीवाले आमची नऊ सेकंदं बाहेर काढतात.
शहापूर खडेबाजाराचं वळण, धूर, अर्धं ओढलेलं शटर,
आणि एका पायात चप्पल नसलेला माणूस
उजवीकडून डावीकडे धावतो.
एका चॅनलवर तो पळतोय लाठीला भिऊन,
दुसऱ्यावर येतोय दगड घेऊन.
त्याच्या हाताभोवती लाल वर्तुळ. चित्र थिजतं.
कोपऱ्यात दोघांकडं एकच शब्द, आपापल्या लिपीत:
संग्रहित.

पैसे एकदाच आले, साडेतीनशे.
कॉपीची कॉपी, तिची कॉपी होता होता
माणसाला नाक उरलं नाही.

मूळ कॅसेट आमच्याकडंच आहे.
डब्यावर पप्पांचं अक्षर:
सुतार – बडिगेर शुभविवाह, भाग दोन.
(बडिगेर म्हणजे सुतारच की, कानडीत.)
अक्षता पडल्या, पंगत बसायची होती,
बॅटरी आणायला पप्पा दुकानाकडं निघाले,
चालता चालता टेप जरा मागं नेऊन बघितली
आणि पुढं घ्यायची विसरले.
चौकात ओरडा झाला. बोटानं बटण दाबलं.

गेल्या बुधवारी बैलहोंगलहून शेवंतक्का आल्या.
तीच नवरी. सोबत नातू, पेन ड्राइव्ह घेऊन.
मी हेड स्पिरिटनं पुसलं, टेप दोनदा अडकली.
भटजी. मुंडावळ्या. सासरकडच्या बायकांचं कानडी गाणं,
मध्ये धरलेला अंतरपाट, त्यावरचं कुंकवाचं स्वस्तिक,
सावधान म्हणायला उघडलेलं तोंड
आणि धूर.

नऊ सेकंदं.
मग एकदम हार घातलेली दोघं, खाली बघत.

मी म्हटलं, चूक झाली पप्पांची,
ते असते तर स्वतः बोलले असते.
त्यांनी ऐकलंच नाही.
म्हणाल्या, मागं घे बघू. अजून जरा. थांबव.
काचेला नाक लावून बघत राहिल्या.
हा आमचा मल्लू की!
सरबताला बर्फ आणायला धाडलेला.
पोत्यात गुंडाळलाय बघ. ठिबकतोय.

खरंच ठिबकत होता.
इतकी वर्षं मी ती रेघ
टेप झिजल्याची समजत होतो.

नातवानं विचारलं, अंतरपाट खाली येतो ते कुठाय?
इरली बिडरी, त्या म्हणाल्या,
मग माझ्याकडं बघून मराठीत, असू दे.
सरबत गरमच प्यालो त्या दिवशी.
मल्लू संध्याकाळी आला, रिकामं पोतं घेऊन,
आणि माझ्या वडलांच्या शिव्या खाल्ल्या.

पेन ड्राइव्हवर मी सगळं उतरवून दिलं,
धुरासकट.
येत्या तारखेला फोन येईल.
सांगेन त्यांना बर्फाचं.
विचारतील, किती सेकंदं लागतील सांगायला?