कोपरा कळसाखाली

"बुरुजाचा कोपरा कळसाखाली आला
की वळव. आधी नाही," गोनेरीकाका म्हणायचा,
तोंडातला पाइप न काढता.

कळस दिसायचा. चर्चचा, करडा,
वाऱ्यानं किंचित कलंडलेला.
बुरूज कुठे होता?
तो बोट रोखायचा तिथे नुसतं आभाळ,
आणि कड्याच्या टोकाशी खुंटीला बांधलेली
ल मोअल्यांची शेळी.

राजाच्या काळातला म्हणे. चार तोफा,
ब्रेस्टहून आलेले अकरा शिपाई, पाव भाजायची एक भट्टी.
शत्रू आलाच नाही.
तोफ दोनदा उडाली: एकदा राजपुत्र जन्मला म्हणून,
एकदा धुक्यात, कांदे भरलेल्या आपल्याच गलबतावर.
आठवडाभर कांदे किनाऱ्याला लागत होते.
मग शिपाई गेले, थकलेला पगार तसाच सोडून.
दगड लोकांनी नेले. धक्क्याच्या पायऱ्या, डुकरांची कुंपणं,
सोआझिगच्या घरातली चूल.
उरलं ते एका फेब्रुवारीत, तीन रात्रींत
समुद्रानं उचललं
कड्याच्या लचक्यासकट.

घोडी मात्र आहे तिथेच.
आर गाझेग. अर्ध्या ओहोटीला
पाण्याखाली दोन हात खडक,
शांत दिवशी वर फेससुद्धा नाही.
माझ्या बापाला तिनं घेतलं
तो दिवस शांतच होता.

दोन वर्षं मी खोटं बोलले.
"दिसला?"
"दिसला."
मी बघत असायचे काकाच्या मानेकडे.
वळायच्या जरा आधी
तिथली एक शीर ताठ व्हायची.

एकदा शेवंडांचे पिंजरे ओढताना विचारलंच:
काका, तू पाहिलायस बुरूज?
तो पाण्यात थुंकला.
"मी? माझ्या बापानंही नाही.
सुकाणू धर."

आता नाव माझी आहे.
पुढे तुदी बसतो, पंधरा वर्षांचा,
काकाचे हातमोजे त्याला कोपरापर्यंत येतात.
"बुरुजाचा कोपरा," मी म्हणते, "कळसाखाली आला
की."
तो डोळे बारीक करतो, कड्याकडे बघून न बघितल्यासारखं करतो.
"हं. दिसला."

त्याची नजर कुठे आहे ते मला ठाऊक आहे.
मानेला जाणवतं.
मी वळते.

उजव्या हाताला पाण्याखालून
काहीतरी काळं, रुंद पाठीचं सरकतं
आणि मागं राहतं.
तुदी पिशवीतून पाव काढतो,
चाकू, आणि एक कांदा.