प्रकाशयोजना

मुकादम हे नाव मुलीनं ठेवलं,
कारण तो खोलीभर फिरून
एकेका फरशीची हजेरी घेतो.
आफ्रिकेतलं कासव. आपलं चांदण्यांचं नव्हे,
ते पाळता येत नाही. याचे कागद फायलीत आहेत,
सोसायटीच्या सेक्रेटरींनी दोनदा पाहिलेत.

मुलगी गेली फिनलंडला.
मुकादम राहिला धनकवडीत, माझ्याकडे.

पहिलं वर्ष गॅलरीतलं सकाळचं ऊन त्याला पुरलं.
मग समोर बारा मजले उभे राहिले
आणि ऊन आमच्याकडे यायचं थांबलं,
एखादं माणूस येईनासं होतं तसं, भांडण न होता.
मी त्याला हॉलच्या खिडकीशी ठेवू लागलो.
साडेतीनला तिरीप येते तिथं, काचेतून, पिवळीधमक.
फोटोत छान दिसते.

डॉक्टर लिखितेबाईंनी अंगठ्यानं त्याची पाठ दाबली.
पाठ दबली,
ओल्या पुठ्ठ्यासारखी.
"ऊन कुठून देता?"
"खिडकीतून."
"काच उघडी की बंद?"
मी गप्प.
"बंद काचेतून नुसता उजेड येतो हो.
हाडाला लागतं ते बाहेरच राहतं."

एकतीस वर्षं मी नाटकांना उजेड दिला.
डिमरवर दोन बोटं ठेवून पहाट पाडली,
दिवेलागण केली, निळ्या कागदातून
कुणाकुणाच्या खोट्या मरणावर खरं रडवलं माणसांना,
आणि मला माहीत नव्हतं
की दिसतो तो उजेड वेगळा
आणि लागतो तो वेगळा.

तपकीर गल्लीत गेलो. चिनी मातीचा होल्डर मागितला.
"कशाला?"
"कासवाला ऊन द्यायला."
ओसवालांनी चष्म्यावरून पाहिलं.
"उन्हाचे पैसे कधीपासून पडायला लागले?"
बाराव्या मजल्यापासून, म्हटलं.
होल्डर मिळाला. यूव्हीबीची ट्यूब मात्र पार्सलनं आली,
माझ्या महिन्याच्या पेन्शनचा चांगला लचका तोडून.

उजेड वरूनच हवा, बाईंनी बजावलं होतं.
बाजूनं मारला तर डोळे सुजतात.
बाजूचा उजेड ही माझी खासियत होती. गिळली.
दिव्याखाली शहाबादीचा तुकडा, त्यावर पस्तीस अंश,
दुसऱ्या टोकाला सावली,
नको वाटलं तर त्याला उठून जाता यावं म्हणून.
प्रेक्षकाला अशी सोय आम्ही कधी दिली नाही.
रात्री पूर्ण अंधार. लाल झिरोचा दिवासुद्धा नाही.

टायमर आहे. तरी सातला मी हातानंच लावतो.
आधी काही होत नाही.
मग मान. मग पुढचा एक पाय, खवल्यांचा, म्हाताऱ्या माळ्यासारखा.
मग तो शहाबादीवर चढतो, चारी पाय पसरतो
आणि सपाट पडून राहतो त्या पहाटेत.
एकतीस वर्षांत
माझ्या पहाटेवर विश्वास ठेवणारा हा पहिलाच.

गुरुवारी लाइट जाते.
तेव्हा त्याला टोपलीत घालून खाली नेतो.
पार्किंगमध्ये पावणेबारा ते बारा वीस
दोन इमारतींच्या मधून उन्हाचा एक पट्टा पडतो,
बरोबर कर्व्यांच्या स्कूटरवर.
वॉचमन सोनवलकर स्कूटर आधीच सरकवून ठेवतो,
म्हणतो, साहेबांची वेळ झाली.

डिसेंबरात मुलीचा फोन आला.
"बाबा, इथं तीनला अंधार पडतो."
गोळ्या घेतेस का विचारलं.
घेते म्हणाली, शिवाय टेबलावर एक दिवा आणलाय,
सगळेच आणतात इथं.
"वरून लावलायस की बाजूनं?"
ती हसायला लागली, मग बराच वेळ
दोघांपैकी कुणीच फोन ठेवेना.

पाठ अजून मऊ आहे. वर्ष लागेल म्हणतात.

ट्यूब जळत राहते वर्षानुवर्षं,
पण तिच्यातलं ते सहा-आठ महिन्यांत सरतं.
डोळ्यांना पत्ता लागत नाही. उजेड तोच असतो.
म्हणून स्टुलावर चढून
तिच्या टोकाशी मार्करनं तारीख घातली आज,
अक्षर वाकडं आलं.
गुडघे सांभाळत खाली उतरलो तर
मुकादम माझ्या चपलांची हजेरी घेत होता.
एक होती. दुसरी
तो शोधत होता.