फोटो अस्पष्ट

नाव विचारलं, तर म्हणाली,
“कोनतं लिवतोस बापू?
गावातलं का पडद्यावरचं?”
मी गावातलं लिहिलं: गिरजाबाई डोमा गुरनुले,
मु. कान्हाळगाव, तालुका चामोर्शी.
कनकवल्ली रकान्यात मावलं नाही,
समासात पेन्सिलीनं टिपून ठेवलं.

कला कोणाकडून शिकलात?
“बापाकडून.”
डोमा गुरनुले दंडारीत बाई व्हायचा.
मिशी उतरवून, लुगडं नेसून,
भरली घागर असल्यासारखा चालायचा.
दूर बसलेली आई
आपलंच चालणं ओळखून लाजायची.
“बाईनं कसं चालावं
थे मी बापापासून शिकली.
मद्रासचा सायब म्हने,
पोरीचं चालनं खरं वाटत नाही,
पन नजर हटत नाही.”

सिरोंच्याच्या घाटावरून नदी ओलांडून
नाटक कंपनीच्या गाडीत
गुंडाळलेल्या पडद्यांवर झोपून गेली.
वय?
“सोळाले दोन रोवने कमी.”

तेलुगू येत नव्हतं. तमिळ तर
तोंडात खड्यासारखं फिरायचं.
संवाद तिनं रोवण्यासारखे लावले,
एक पाऊल मागे, एक काडी चिखलात.
अर्थ उगवेल तेव्हा उगवेल.
माईक तुळशीच्या कुंडीत लपवलेला,
रडायचं ते तुळशीच्या कानाशी.

पहिल्याच दिवशी नवरा मेल्याचा प्रसंग.
ती रडली.
दिग्दर्शक म्हणाला, “चालु.”
तेलुगूत चालु म्हणजे पुरे.
हिला वाटलं, चालू ठेव.
रीळ संपलं, दिवे विझले,
सुतारांनी मागची भिंत उचलून नेली,
“मी आपली चालूच.”
त्या एका चुकीवर
पुढचे तीन पिक्चर मिळाले.

सीता नाही झाली, सीतेची मैत्रीण झाली.
पार्वती एकदा,
तीही गाण्यापुरती.
मग गळा वेगळा घ्यायची रीत आली.
कोणी एक बंद खोलीत गायची,
ही झाडाखाली ओठ हलवायची.
“तोंड माहं, आवाज तिचा,
अन् पत्रं येयेत तिसरीलेच.”
तिसाव्या वर्षी आई.
बत्तिसाव्या वर्षी त्याचीच आई,
ज्याची आधी नायिका होती.
पस्तिसाव्या वर्षी बल्लारशाला उतरली.
ट्रंकेत दोन साड्या,
आणि रंगाचा लाकडी डबा.
त्यात आता लसूण असतो.

रकाना सात: पुरावा.
चित्रपटाची प्रत, जाहिरात, करारपत्र, यांपैकी एक.
“रिळं कंपनीनं विकली.
उकळून चांदी काढली त्यातली,
उरलं त्याच्या बांगड्या केल्या म्हने.”
मी लिहिलं: उपलब्ध नाही.
“उपलब्ध हाये लिव.
कोनाच्या हातात हाये, थे ठावूक नाही.”

रकाना आठ: छायाचित्र.
चामोर्शीचा फोटोवाला, मिसरूड फुटलेला पोरगा.
तिनं न विचारता दिवा डावीकडे सरकवला,
हनुवटी जराशी खाली घेतली,
आणि काय झालं ते सांगता येत नाही.
स्टुलावरची म्हातारी उठून गेली,
तिच्या जागी दुसरीच कोणी बसली,
जिला आत्ता बोलावणं येणार होतं.
मी दारात, चहाचा ग्लास हातात.
पोरगा म्हणाला, “आजी, चालू?”

तिचा चेहरा तिथंच मिटला.
पदर सावरत उठली,
बटण त्याच क्षणी दाबलं गेलं.

दोन महिन्यांनी अर्ज परत आला.
लाल शाईत शेरा: फोटो अस्पष्ट.
अर्जदाराची ओळख पटत नाही.

सांगायला गेलो तर रोवणे सुरू होते.
परक्याच्या बांधीत, बायांच्या ओळीत,
सत्तरीची गिरजाबाई उलट्या पावलांनी
मागे मागे येत होती. ओठ हलत होते.
आवाज तिचा होता की बाजूवालीचा,
बांधावरून कळलं नाही.