अंशतः खरे आहे

चिंचेच्या तालमीमागे आमचा छापखाना.
खाली ट्रेडल, वर माळ्यावर खिळ्यांचे खण.
तिथे उभं राहून मी एकतीस वर्षं
या शहरातली नावं उलटी वाचली.
त्र्यंबक विठोबा करडे हे त्यातलंच एक.

पहिल्यांदा आले ते हँडबिलासाठी.
अपक्ष, निशाणी तराजू, पिवळा कागद, पैसे निम्मे.
उरलेल्या निम्म्यापोटी बंब देऊन गेले,
स्वतः ठोकलेला.
मालकांनी तो घरी नेला.
मी त्याआधी, जेवणाच्या सुट्टीत,
त्यावरचे ठोके मोजायला बसलो होतो.
सहाशेनंतर सोडून दिलं.

तांबट आळीत लहानपणापासून ठोकून ठोकून
उजवा कान गेलेला.
लोक म्हणत, म्हणूनच टिकला राजकारणात,
विरोधकाला बरोबर उजवीकडे बसवतो.

आमदार झाले तेव्हा लेटरहेड मी जुळवलं.
नावाखाली 'मा. आमदार'.
स्वतःच स्वतःला माननीय कसं म्हणायचं, म्हणाले.
म्हणायचं असतं, मालक म्हणाले.
टिंबाचा खिळा बारीक. मी चिमट्याने बसवला.

सभागृहात पहिल्यांदा बाक वाजवला
तर शेजारच्या सदस्याचं पाणी सांडलं.
हात हातोडीचा.

दर वर्षी कार्यअहवाल आमच्याकडेच.
'पुणे शहरातील तांबट कारागिरांना
पत्र्याचा कोटा आठ महिने मिळालेला नाही,
हे खरे आहे काय?'
अंशतः खरे आहे.
'असल्यास, विलंबाची कारणे काय?'
प्रश्न उद्भवत नाही.

'उद्भवत'मधलं ते जोडाक्षर
आमच्या खणात चारच होतं,
आणि त्या वर्षी प्रश्न सतरा वेळा उद्भवला नाही.
चार छापायचे, खिळे सोडवायचे,
धुवायचे, पुन्हा चार.
सरकारचं उत्तर एका ओळीचं,
आमची रात्र गेली.

आणि पत्रं. रोज वीस, पंचवीस.
'सदर युवक होतकरू असून माझ्या परिचयाचा आहे.'
टेल्कोत, खडकीच्या कारखान्यात, एसटीत
आळीतली पोरं एकेक करून लागली.
कोटा सुटला तेव्हा
पत्रा न्यायला तीन म्हातारे आले.
ते स्वतः चौथे.

तिसऱ्या खेपेला पडले. तीनशे सतरा मतं.
आठवड्याने सायकलवरून आले,
कॅरिअरला दोन रीम कोरं लेटरहेड बांधलेलं.
मालक म्हणाले, अण्णा, बदलायचं काय त्यात?
'मा.' म्हणजे माननीय,
'मा.' म्हणजे माजीसुद्धा.
अर्धं पुणं याच टिंबावर जगतं.
अण्णांनी डावा कान पुढे केला.
मालकांनी पुन्हा सांगितलं, मोठ्यांदा,
खालच्या ट्रेडलवाल्यालाही ऐकू गेलं.

'नको,' म्हणाले. 'जी घाला.
अंशतः खरं मी पुष्कळ ऐकलंय.'

छापलेलं टिंब निघत नाही,
पण त्याच्यावर 'जी' बसवता येतो.
हजारच्या हजार कागद पुन्हा यंत्रातून काढले,
प्रत्येक 'जी'च्या पोटात
जुनं टिंब किंचित दिसत राहिलं.
ते स्टुलावर बसून होते, गठ्ठे सारखे करत.
चहा त्यांनीच मागवला.

त्यातल्याच एका कागदावर
माझ्या मुलाला अकरावीसाठी पत्र दिलं त्यांनी.
क्लार्कने वाचलं, 'माजी'वर बोट ठेवलं,
आणि परत दिलं, घडीसुद्धा न मोडता.
अण्णांना मी सांगितलं, काम झालं.

परवा फडके हौदापाशी फ्लेक्स लागला होता.
भावपूर्ण श्रद्धांजली, कोणत्या तरी मंडळाकडून.
फोटो तरुणपणचा, फेटा नंतर घातलेला.
खाली 'मा. आमदार'.
रिक्षा थांबवून मी तो सरळ वाचला,
डावीकडून उजवीकडे,
आणि हात सवयीने खिशात गेला,
चिमट्यासाठी.