रेन्झो कालदिरोला ठाण्यात मरतो तेव्हा

रेन्झो कालदिरोला एकेचाळीस वेळा मेला.
त्यांतले निदान पंधरा मृत्यू ठाण्यात झाले,
चरईत, वाचनालयाच्या वरच्या हॉलमध्ये,
महिन्याच्या तिसऱ्या रविवारी.
मरताना तो मराठी बोलायचा,
माझ्या बाबांच्या आवाजात.

बाबा, म्हणजे मधुसूदन कारखानीस,
आडनावाला जागून रबाळ्याच्या कारखान्यात, मेंटेनन्सला.
तिथे एकदा बोलोन्याहून मशीन आलं,
मशीनबरोबर एक इंजिनीअर,
आठ महिने राहिला
आणि जाताना आपली भाषा बाबांकडे विसरला,
छत्री विसरावी तशी.

फिल्म सोसायटीकडे यायच्या त्या प्रिंटा उघड्याबोडक्या,
खाली अक्षरं नसलेल्या.
म्हणून पडद्याशेजारी स्टूल, माइक,
टॉर्चला निळा जिलेटीनचा कागद, मांडीवर वही.
नायकाला बाबा सपाट वाचत, बँकेचं पासबुक वाचावं तसं.
नायिकेला घाईघाईत, कारण आई दुसऱ्या रांगेत असायची.
पण रेन्झो आला की पाठ ताठ.

रेन्झो म्हणजे तिसरा दरोडेखोर.
मागच्या दाराने येणारा मेहुणा.
गालाला साबण तसाच, आणि गोळी.
एकदा जिन्यावरून, एकदा खेचरावरून,
एकदा तर नावं पडद्यावर संपायच्या आत.
"माझ्या आईला सांग..." म्हणायचा,
आणि काय सांगायचं ते राहायचं.

त्या अर्ध्या वाक्याला बाबा दर वेळी वेगळं मराठी शोधत.
"आईला म्हणावं..."
"आमच्या म्हातारीला तेवढं..."
एकदा नुसतंच "आईस..."
टाइपरायटरवरच्या पत्रासारखं. लोक हसले.
घरी येऊन ते जेवले नाहीत.
पण एरवी जिना उतरताना गुप्तेकाकू म्हणायच्या,
"कारखानीस, आज छान मेलात हो,"
की जांभळी नाक्यापर्यंत
बाबांची चाल जरा दरोडेखोरासारखी.

पन्नाशीत रेन्झो लिहायला बसला.
इंजिनीअरच्या पत्रातून कळलं.
काम मिळेना म्हणे,
मरायला आता तरुण मुलं आली होती.
बायको झोपली की तिच्या शिवणयंत्राच्या टेबलावर लिहायचा.
सात पटकथा. सहा परत आल्या.
सातवीत त्याने स्वतःला जिवंत ठेवलं.

ती आली त्या रविवारी आम्ही अठरा जण. पंखा एक.
पडद्यावर स्वयंपाकघर, गॅसवर पातेलं,
रेन्झो म्हातारा, बनियनवर.
दारात मुलगी. अकरा वर्षांनी.
तो बघतो.
बघतच राहतो.
चार मिनिटं कुणी बोलत नाही.
बाबांनी टॉर्च विझवला.
मग रेन्झो एक वाक्य बोलतो, सगळ्या कारकिर्दीतलं
पहिलं पूर्ण वाक्य.

वहीत त्याची पाच भाषांतरं होती,
चार खोडलेली.
बाबांनी पाचवंही वाचलं नाही.
"अगं, दूध!" एवढंच म्हणाले.
अंधारात कुणीतरी खरंच उठलं.

पुढे पत्रं थांबली. रेन्झोचं काय झालं, ठाऊक नाही.
सोसायटीही बंद पडली, हॉलमध्ये आता क्लास चालतो.

बाबा गेले कळव्याच्या इस्पितळात, सकाळी साडेसहाला.
मी चहाला खाली गेले होते.
"काही म्हणाले का?" नर्सला विचारलं.
ती म्हणाली, "नाही ओ, झोपेतच."
इतकी तालीम, आणि झोपेतच.

मी ऐरोलीत, नवव्या मजल्यावर,
परक्या सिनेमांखाली मराठी अक्षरं लावते.
एका ओळीत बेचाळीस, जास्त नाही.
खिडकीतून खाडी दिसते, बघायला वेळ नसतो.
आईला सांग, आईला सांग, असं कुणी म्हणत मेलं
की मी टिंबं देते. तीनच. चौथं मशीन घेत नाही.

वही माझ्या ड्रॉवरमध्ये आहे.
पाचवं वाक्य अजून न खोडलेलं,
शेजारी पेन्सिलीने: "सुनंदाला विचारणे."
आईला विचारलं होतं का, ते विचारायला
आईही नाही.
काल मोजून पाहिलं.
बेचाळीसात बसतं.