टोपी, तीन अक्षरं

डुलुथमध्ये, सरोवराच्या वरच्या चढावर,
मंगळवार, गुरुवार, शनिवार
आमचं रक्त आमच्याबाहेर फिरून येतं.
चार तास. खिडकीतून दिसतात
खनिजाची जहाजं, बर्फ फुटायची वाट पाहणारी.

मी सात नंबरच्या खुर्चीत.
सहामध्ये ऑरिन हापाला, एक्क्याऐंशीचा,
चाळीस वर्षं थिएटरच्या माळ्यावर रिळं चढवलेला.
डावा हात सुयांना दिलेला,
उजव्यात पेन. पेन्सिल नाही.
"खोडायचंच असेल तर लिहायचं कशाला," म्हणतो,
आणि त्याच्या कोड्यात निम्म्या चौकटी
गिरवून गिरवून काळ्या होतात
ज्या मुळात काळ्या नव्हत्याच.

सुया लावते केझाया. बावीस वर्षं, निळे केस,
पंपाच्या आवाजावरून बिघाड ओळखणारी.
त्यांचा करार असा: मेलेले नट त्याचे,
जिवंत शब्द तिचे.
"छाप पाडायची ताकद. चार अक्षरं, शेवटी दोन झेड."
"रिझ," ती, दंडावरचा पट्टा आवळत.
"हा शब्द आहे?"
"तुमच्या वेळी नव्हता वाटतं."
"होता. आम्ही तो बोलून दाखवत नसू."

'न सांगता नाहीसं होणं' हे मात्र
त्याला तिच्याआधी आलं. घोस्ट.
कसं, ते तिनं विचारलं नाही. मीही नाही.
पाहुण्यांची घडीची खुर्ची
त्याच्या बाजूला भिंतीला टेकूनच असते.

मार्चमधल्या एका गुरुवारी तो अडला.
कायम टोपी घालणारा नट. आडनाव. चार अक्षरं.
मारामारीत, वादळात, अगदी मरतानाही
ज्याच्या डोक्यावरची टोपी ढळली नाही, तो.
ऑरिनला त्याची चाल आठवली,
रीळ संपताना कोपऱ्यात चमकणारा ठिपका आठवला,
फक्त नाव येईना.

मला येत होतं.
अकरा महिने शेजारी बसून
मी ह्या माणसाशी हवापाण्यापलीकडे बोलले नव्हते.
उभं आयुष्य असंच काढलं,
कुणाला आडवं न जाता.

"थांबा, वरून येऊ," केझाया म्हणाली.
"उभा सात. खोटं, हल्लीच्या पोरांच्या भाषेत. तीन. कॅप."
"टोपी?"
"थाप. नो कॅप म्हणजे थाप नाही, शपथेवर."
तो हसला, नळ्या हलल्या, ती ओरडली.
"म्हणजे हा गडी जन्मभर टोपी घालून
लोकांना टोप्या घालत होता."
कॅपच्या तळाचा पी
आडव्या ओळीच्या दाराशी येऊन उभा राहिला.
पुढे तीन रिकाम्या चौकटी,
चित्र यायच्या आधी पडद्यावर पडतो तसा
नुसता उजेड.

तरी नाही.
दहा नंबरचा अलार्म केझायाला घेऊन गेला.
तो पेनाचं टोक त्या पीवर टेकवून बसला,
बंद दारावर कपाळ टेकवावं तसं.

"ई," मी म्हणाले.
घसा आधी खरखरला,
बरेच दिवस न सोडलेल्या नळासारखा.

त्यानं मान वळवली.
"पुढचं सांगू नका."
नाही सांगितलं.
"आमच्याकडे कुठल्या रांगेत बसायचात?"
"शेवटच्या."
"शेवटच्या रांगेत कुणी सिनेमा बघत नसे. वरून दिसायचं मला."
"सुरुवातीची नावं तेवढी वाचली होती," मी म्हणाले.
"नो कॅप."

त्यानं दोन एल लिहिले, एकाला एक टेकून.
वेंडल पेल. टोपीखालचा चेहरा
आता मलाही नीट आठवेना.
माझ्या यंत्रावर अजून पावणेदोन तास होते.
"आडवा नऊ," ऑरिन म्हणाला,
आणि ट्रेवरचा पेपर
किंचित माझ्या बाजूला तिरका केला.