गुंडी

दुकानाच्या फळीवरून उतरली
की मागचा डावा पाय वर धरायची,
तीन पायांवर चार पावलं,
मग पाय मागं ताणून झटकायची
आणि काही झालंच नाही अशी
गल्लीच्या तोंडापर्यंत पळायची.

लंगडी खेळतीया बघ की, समोरचा यल्लाप्पा म्हणायचा.
दोन महिने आम्ही हसलो.

मग एका शुक्रवारी, लग्नाचे सात ब्लाऊज अंगावर असताना,
पाय खाली आलाच नाही.

डॉक्टर हुलकुंदबाईंनी तिला कुशीवर निजवलं,
माझं बोट धरून गुडघ्यावर ठेवलं,
वाटी हलकेच आत ढकलली.
सरकली.
सोडली, तशी जागेवर आली.
सैल झालेलं काज असंच लागतं बोटाला.

"गुंडी आळ इल्ल," त्या म्हणाल्या.
मला वाटलं, हिलाच हाक मारतायत.
मग मराठीत, थांबत थांबत:
खड्डा. वाटी बसायचा. खोल नाही.
आमच्यात गुंडी म्हणजे नुसतं बटण,
त्यांच्यात बटणही, खड्डाही.
नाव ठेवलं तेव्हा
मला अर्धंच ठाऊक होतं.

उजवा पायही चाचपला. तोही थोडा.
चारातली दुसरी पायरी, म्हणाल्या,
वाटी बाहेरच राहायला लागली तर
कापून खाच खोल करावी लागंल.
आत्ता वजन उतरवा. उड्या बंद.
गुळगुळीत फरशीवर पळू देऊ नका.

शहाबादी फरशीवर मी तरट अंथरलं,
दुहेरी, कडा शिवून.
रिळांच्या खोक्याची पायरी केली फळीला.
कुंदा बंद. तिचा, आणि
तिला देताना माझ्या तोंडात जायचा तोही.
संध्याकाळी कपिलेश्वर पुलाचा चढ,
दोरी आखूड, चाल सावकाश.
मशीनचा पायटा मारून मारून
माझाही गुडघा कुरकुरतो,
तेव्हा घाई दोघांनाही नाही.

मापांच्या वहीत, कुणाच्यातरी छाती-बाहीखाली,
तिचं खातं उघडलंय:
सोमवार तीनदा. मंगळवार एकदा.
बुधवारी पाऊस, गेलो नाही.
गुरुवारी एकदाही नाही, खाली दोन रेघा मारल्या.

आज परत, पुलाच्या मध्यावर.
मागं ट्रक हॉर्न मारतोय.
पाय वर धरून ती माझ्याकडं बघते.
मी थांबतो. उचलून घेत नाही.
ती पाय ताणते, झाडते.
बसली वाटी,
एकही टाका न घालता.

चल की.